संकलनाच्या टेबलावरचा लेखक

राजकुमार हिराणींचा 'मुन्नाभाई एमबीबीएस' 19 डिसेंबर 2003 ला लागला, तेव्हा ते 41 वर्षांचे होते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून संकलन शिकून ते बाहेर पडले त्याला तोवर सोळाएक वर्षं होऊन गेली होती. ही सोळा वर्षं एका परिच्छेदात उरकून टाकायची आपल्याकडे रीत आहे. मुंबईत धक्के खाल्ले, दारोदार फिरले, मग नशीब फळफळलं. इतकं लिहिलं की लेखक राष्ट्रीय पुरस्कारांकडे आणि गल्ल्याच्या आकड्यांकडे धावायला मोकळा. या पुस्तकाच्या तरुण लेखकांनी नेमकी तीच वर्षं धरून ठेवली आणि पुढची सोडून दिली. त्यांचं पुस्तक 'मुन्नाभाई'च्या पहिल्या खेळापाशी संपतं. सगळा देश ज्याला आज ओळखतो त्याला कुणीच ओळखत नव्हतं, त्या काळाचं हे पुस्तक आहे.

प्रस्तावना मला सांगितली गेली ती मी सिनेमाचा अभ्यासक आहे म्हणून नव्हे. मी इतवारीत राहतो आणि जुन्या नागपुराबद्दल बोलायला लागलो की आवरत नाही, एवढीच माझी पात्रता. तेव्हा आधीच सांगून टाकतो, हिराणी इतवारीचे असा दावा मी करणार नाही. मोठा माणूस दिसला की त्याला ओढून आपल्या मोहल्ल्यात आणून बसवायची नागपूरकरांना भारी हौस. हिराणी नागपूरचे, 20 नोव्हेंबर 1962 चा त्यांचा जन्म, सेंट फ्रान्सिस डी'सेल्स शाळेत शिकले, पुढे वाणिज्य शाखेची पदवी घेतली. एवढं पुरे आहे. पण ज्या नागपुरात ते वाढले त्याची तऱ्हा समजून घ्यायची असेल तर इतवारीतून एक चक्कर मारावीच लागते.

सराफा, किराणा ओळ, धान्याचे व्यापारी, मस्कासाथ, पलीकडे गांधीबागेतला कापडबाजार. विदर्भातल्या आणि सीमेपलीकडच्या छिंदवाडा-बालाघाटातल्या लहान दुकानदारांचा माल वर्षानुवर्षं इथूनच भरला गेला. मारवाडी, गुजराती, बोहरा, तेली, कोष्टी, आणि फाळणीनंतर आलेले सिंधी, सगळे एकाच गल्लीत एकमेकांच्या बोलीत भाव करतात. इथे पोराने काय व्हायचं हा प्रश्नच फारसा विचारला जात नसे. बी.कॉम. करायचं, हिशेब शिकायचे, जमलं तर सी.ए., नाही जमलं तर गादीवर बसायचं. "काय करून राहिला बे पोरगा?" या प्रश्नाला "नाटक करून राहिला" हे उत्तर ऐकलं की विचारणाऱ्याचा चेहरा पाहण्यासारखा व्हायचा. वाणिज्य शाखेत शिकत हिंदी नाटकांत रमलेल्या हिराणींची गोष्ट याच हवेत सुरू होते.

सिनेमाशीही या शहराचं नातं मालाचंच होतं. धंद्याच्या नकाशावर आपण सी.पी.-बेरार, म्हणजे जुना मध्य प्रांत आणि वऱ्हाड. सिनेमे मुंबईत किंवा मद्रासला बनायचे, त्यांचे हक्क प्रदेशवार विकले जायचे, प्रिंटच्या पेट्या रेल्वेने यायच्या, चालल्या तेवढे आठवडे चालायच्या आणि पुढच्या गावाला जायच्या. वितरकांची ऑफिसं अमरावतीला, त्यांच्या संघटनेचा कारभार भुसावळहून. पडद्यावर जे दिसतं ते कुणीतरी बसून लिहिलेलं, कापलेलं, जोडलेलं असतं, हे कळण्याची सोय या साखळीत कुठेच नव्हती. पुण्या-मुंबईच्या मुलाला स्टुडिओची भिंत तरी दिसते. आमच्याकडच्या मुलाला फक्त पेटी दिसायची.

आता वडिलांबद्दल. या पुस्तकातला मला सर्वांत आवडलेला माणूस राजकुमार नाही, सुरेश हिराणी आहेत. सिंधमधलं गाव सोडून हा मुलगा चौदाव्या वर्षी निर्वासित म्हणून भारतात आला आणि पुढे नागपुरात त्याने टायपिंग इन्स्टिट्यूट चालवली. आजच्या वाचकाला सांगायला हवं की त्या काळी टायपिंगचा क्लास ही किती गंभीर गोष्ट होती. सरकारी परीक्षेत मिनिटाला तीस किंवा चाळीस शब्दांची गती दाखवली की कारकुनीच्या अर्जात एक रकाना भरता यायचा. आणि त्या एका रकान्यावर अख्खी घरं उभी राहिली. सकाळी सहापासून तासातासाच्या बॅचेस, रेमिंग्टन आणि गोदरेजची यंत्रं, जुन्या रिबिनी, कार्बनचे काळे हात. मुलाने इंजिनीअर व्हावं अशी घरची इच्छा होती. मग सी.ए.चा विचार झाला. इथवर सगळं ठरलेल्या वाटेनेच चाललं होतं.

आणि मग याच वडिलांनी मुलाचे फोटो काढवून घेतले आणि त्याला मुंबईला, अभिनय शिकवणाऱ्या एका संस्थेत पाठवलं. हे वाक्य मी दोनदा वाचलं. घर गमावून आलेला, टायपिंगच्या फीवर संसार उभा केलेला माणूस आपण होऊन मुलाला नट व्हायला पाठवतो! मुलगा काही तिथे रुळला नाही. तीन दिवसांत परत आला. एरवी अशा वेळी बापाने काय केलं असतं ते इतवारीत कुणालाही विचारा. या बापाने सुचवलं की पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटला अर्ज कर.

हिराणींचे चित्रपट पाहिलेल्या कुणालाही इथे एक गंमत लक्षात येईल. 'मुन्नाभाई'त मुलगा डॉक्टर आहे या समजुतीवर बाप जगतो आणि ती समजूत फुटते तेव्हा कथा सुरू होते. '3 इडियट्स'मध्ये छायाचित्रकार होऊ पाहणाऱ्या फरहानला बापाच्या समोर बसून आपलं मन सांगायचं असतं, आणि तो प्रसंग हा चित्रपटाचा कणा आहे. पडद्यावरच्या या बापांना पटवावं लागतं. घरातल्या बापाला पटवावं लागलं नव्हतं. उलट मुलापेक्षा तोच एक पाऊल पुढे होता. आपल्या आयुष्यातली गोष्ट जशीच्या तशी लिहिणारे दिग्दर्शक पुष्कळ असतात. आपल्याला जे सहज मिळालं ते न मिळालेल्या मुलाची गोष्ट लिहिणं जरा वेगळं आहे. ते लिहायला आजूबाजूच्या घरांत डोकावलेलं असावं लागतं.

अर्ज केला तेव्हा इन्स्टिट्यूटमधला अभिनयाचा अभ्यासक्रम बंद होता. दिग्दर्शनाला अर्ज करणाऱ्यांची इतकी गर्दी की प्रवेशाची आशा धूसर. म्हणून संकलन. पुढे शिष्यवृत्तीही मिळाली, पण सुरुवात अशी, जागा कुठे रिकामी आहे ते पाहून. विद्येच्या निवडीमागे नेहमी ध्यास असतो असं मानणाऱ्यांनी याकडे जरा थांबून पाहावं. आमच्या मेडिकलमध्ये निम्मे तज्ज्ञ असेच घडले असतील: हवी ती शाखा मिळाली नाही, मिळाली ती घेतली आणि मग तीच आयुष्यभर पुरली.

टायपिंग इन्स्टिट्यूटच्या टकटकीत वाढलेल्या मुलाला संकलनाची लय उपजतच सापडली, असं लिहायचा मोह कुणालाही होईल. या पुस्तकाच्या पहिल्या खर्ड्यात तसं एक पान होतंही. ते काढायला मी सांगितलं. लय शिकवावी लागते, आणि ती पुण्यात शिकवली गेली.

लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात 1960 साली सुरू झालेल्या त्या संस्थेत तेव्हा फिल्म हाताने कापली जायची. 35 मिलिमीटरच्या फिल्मच्या एका फुटात सोळा फ्रेम असतात, सेकंदाला चोवीस फ्रेम धावतात, म्हणजे मिनिटाला नव्वद फूट. स्टीनबेकच्या टेबलावर चित्राचं एक रीळ आणि आवाजाचं वेगळं रीळ बरोबरीने फिरवायचं. नको त्या जागी ग्रीस पेन्सिलने खूण करायची, स्प्लायसरखाली कापायचं, टेपने जोडायचं. कापलेले तुकडे कापडी अस्तराच्या पेटीवर खिळ्यांना टांगून ठेवायचे, कारण उद्या त्यातल्याच दहा फ्रेम परत लागतील. या कामात निर्णयाला वजन असतं. आज संगणकावर कळ दाबली की कापलेलं परत येतं, आणि म्हणून कापणाऱ्याचा हात सैल झाला आहे, असं जुने संकलक म्हणतात. हे अगदी खरं नसेल. पण हाताने कापणाऱ्या माणसाला प्रत्येक दृश्याची लांबी फुटांत पाठ असायची हे खरं आहे.

शेजारीच राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय. पी. के. नायरांनी जिवापाड जमवलेले जगभरचे चित्रपट त्या मुलांना पाहायला मिळायचे. सी.पी.-बेरारच्या पेटीत जे कधीच आलं नसतं ते सगळं तिथे होतं. याच काळात श्रीराम राघवन तिथे दिग्दर्शन शिकत होते. राघवन पुढे काळ्या, थंड डोक्याच्या गुन्हेकथांकडे गेले आणि हिराणी हसत-रडवत सांगायच्या गोष्टींकडे. एकाच टेबलावर शिकलेल्या माणसांच्या हातून इतकं वेगळं पीक यावं, यात शिक्षणाचं अपयश नाही. उलट ते शिक्षण चांगलं होतं याची ही खूण आहे.

मग मुंबई. इथे पुस्तकाचं सर्वांत कोरडं प्रकरण आहे आणि ते तसंच असायला हवं. संकलकाचं काम मिळत होतं, पण त्यातले काही अनुभव इतके कडू की हिराणी जाहिरातींकडे वळले. तिथे मात्र जम बसला. जाहिरातपट दिग्दर्शित करणारा, निर्माण करणारा माणूस म्हणून नाव झालं, पैसे मिळू लागले. फेव्हिकॉलच्या एका गाजलेल्या जाहिरातीत माणसं आणि हत्ती मिळून जोर लावतात आणि जोडलेलं काही सुटत नाही. त्या जोर लावणाऱ्यांत हिराणी स्वतः आहेत. अभिनयाच्या वर्गातून तीन दिवसांत पळालेला मुलगा देशभराच्या टीव्हीवर दिसला तो असा, आणि कुणी ओळखलंही नाही.

जाहिरात माणसाला काय शिकवते? तीस सेकंद म्हणजे 35 मिलिमीटरवर पंचेचाळीस फूट फिल्म, सातशे वीस फ्रेम. एवढ्यात माणूस ओळखीचा वाटला पाहिजे, अडचण कळली पाहिजे, ती सुटली पाहिजे, आणि शेवटी हसू आलं पाहिजे. पाहणारा लक्ष देऊन पाहत नाहीये, तो जेवतोय, हे धरून चालायचं. 'मुन्नाभाई'तली लहान पात्रं आठवा. इस्पितळात फरशी पुसणारा म्हातारा, ज्याला कुणीतरी मिठी मारून धन्यवाद म्हणतो. कॅरम खेळायला मिळताच जिवंत होणारा पारशी म्हातारा. प्रत्येकाला पडद्यावर मिनिट-दोन मिनिटं मिळतात, पण चित्रपट विसरलेल्या माणसालाही हे दोघं आठवतात. ही जाहिरातीतली कमाई आहे. तिचा तोटाही आहे, त्याकडे पुढे येतो.

जाहिरातींत बरं चाललेलं असताना ते दिग्दर्शक-निर्माते विधु विनोद चोप्रांकडे गेले. हा निर्णय बाहेरून पाहणाऱ्याला उलटा वाटेल. स्वतःच्या नावावर जाहिराती करणारा माणूस दुसऱ्याच्या चित्रपटाचे प्रोमो कापायला बसला. '1942: अ लव्ह स्टोरी' (1994) चे प्रोमो आणि ट्रेलर, मग 'करीब' (1998) चे प्रोमो. प्रोमो कापणं म्हणजे दोन-अडीच तासांच्या चित्रपटातून दोन मिनिटांचं आश्वासन काढणं. तिथे कथा सांगायची नसते, कथेची भूक लावायची असते. त्यासाठी पूर्ण चित्रपट पुन्हा पुन्हा पाहावा लागतो आणि कुठला क्षण एकट्याच्या बळावर उभा राहतो, कुठला मागच्या पुढच्या आधाराने उभा आहे, हे ओळखावं लागतं. पटकथेचा याहून चांगला वर्ग मला माहीत नाही.

चोप्रांच्या 'परिंदा' आणि '1942'चं संकलन रेणु सलुजांचं. या देशातल्या चांगल्या संकलकांची यादी करायला बसलं तर त्यांचं नाव पहिल्या काहीत येतं. इन्स्टिट्यूटच्याच विद्यार्थिनी, आणि ज्या दिग्दर्शकांनी ऐंशीच्या दशकात हिंदी सिनेमाचा चेहरा बदलला त्यांतल्या कितीतरी जणांचं काम त्यांच्या टेबलावरून गेलेलं. ऑगस्ट 2000 मध्ये त्या गेल्या. त्याच वर्षी ऑक्टोबरात 'मिशन काश्मीर' आला, त्याचं संकलन हिराणींच्या नावावर आहे. संकलक म्हणून त्यांना मिळालेलं हे पहिलं मोठं काम. संकलनाच्या खोलीतून परंपरा कशी पुढे सरकते ते मला इथे दिसतं. भाषण नाही, सत्कार नाही. एक खुर्ची रिकामी होते आणि पुढचं रीळ चढवायला दुसरं कुणी बसतं.

'मिशन काश्मीर'वर काम करतानाच स्वतः चित्रपट करायचा विचार पक्का झाला आणि हिराणींनी वर्षभर काम बाजूला ठेवून लिहायला घेतलं. काय लिहिलं? इथे मी पुन्हा नागपुरात येतो, आणि हे माझं स्वतःचं वाचन आहे, त्याची जबाबदारी पुस्तकाच्या लेखकांवर नाही.

आमच्या पिढीच्या नागपूरकर घरांत मुलांच्या भवितव्याच्या दोनच इमारती होत्या. एक मेडिकल, म्हणजे 1947 साली सुरू झालेलं शासकीय वैद्यकीय महाविद्यालय. दुसरी व्हीआरसीई, म्हणजे 1960 साली सुरू झालेलं विश्वेश्वरय्या रीजनल कॉलेज ऑफ इंजिनीअरिंग, ज्याला आज व्हीएनआयटी म्हणतात. बारावीचे गुण आले की घराचे दोन भाग व्हायचे, या इमारतीकडे तोंड करून हसणारे आणि त्या इमारतीकडे पाठ करून रडणारे. हिराणी दोन्हींच्या बाहेर राहिले. पण मेडिकलमध्ये त्यांचे मित्र होते, आणि वसतिगृहातल्या त्या मित्रांच्या किश्शांतून 'मुन्नाभाई'चं बी पडलं हे त्यांनी सांगितलेलं आहे. पहिला चित्रपट वैद्यकीय महाविद्यालयावर. तिसरा, 2009 चा, इंजिनीअरिंगवर. दोन्हींत संस्थेचा प्रमुख हा कथेतला मोठा अडसर, दोन्ही वेळा तो बोमन इराणींनी केला. चेतन भगत यांच्या कादंबरीवरून तो तिसरा चित्रपट निघाला हे मला ठाऊक आहे, पण कादंबऱ्या हजार असतात, हात त्याच एकीकडे का गेला? ज्या दोन इमारतींच्या कुंपणाबाहेर एक मुलगा उभा होता, त्या दोन्हींच्या आत तो शेवटी कॅमेरा घेऊन गेला, असं मला वाटतं. पडद्यावर नागपूर कुठेच नाही. मुन्ना मुंबईची टपोरी बोलतो, '3 इडियट्स' दिल्लीत घडतो. आमच्या लोकांना याची खंत आहे, आणि 2022 मध्ये 'झुंड'साठी नागराज मंजुळे करमाळ्याहून येऊन नागपूर दाखवून गेले तेव्हा ती खंत बोलूनही दाखवली गेली. मला ती खंत वाटत नाही. हिराणींच्या चित्रपटातलं नागपूर रस्त्यांत शोधायचं नसतं, प्रवेशपरीक्षेच्या भीतीत शोधायचं असतं.

वसतिगृहाचा आणखी एक धागा पुस्तकात निसटला आहे, तो इथे जोडतो. महेश एलकुंचवार आमच्याच गावात बसून लिहिणारे. त्यांच्या 'होळी' या एकांकिकेत महाविद्यालयाच्या वसतिगृहातली मुलं एका मुलाचा छळ करत त्याला मरणापर्यंत नेतात. केतन मेहतांनी 1984 मध्ये त्यावर चित्रपट केला, त्यात एका भूमिकेत कोवळा आमिर खान आहे. पंचवीस वर्षांनी तोच आमिर '3 इडियट्स'मध्ये वसतिगृहातला हसरा बंडखोर झाला. एकाच शहराच्या दोन लेखकांनी एकच जागा पाहिली, एकाला तिथे हिंसा दिसली, दुसऱ्याला सुटका. मला विचाराल तर एलकुंचवार जास्त खरे आहेत. पण घराघरांत पाहिलं गेलं ते हिराणींचं वसतिगृह.

संस्थांची टर उडवणं मात्र या मातीतलं आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत या दोन मोठ्या पुतळ्यांच्या मिरवणुका निघतात, काळी 1881 पासून, पिवळी 1885 पासून, आणि दोघींची भेट इतवारीत नेहरू पुतळ्यापाशी होते. त्यांच्यासोबत बडगे असतात. त्या वर्षी लोकांना ज्याने छळलं, महागाई असो, पुढारी असो, एखादं खातं असो, त्याचा पुतळा करून त्याच्या नावाने यथेच्छ बोंब मारायची आणि शेवटी जाळायचा. हिराणींचा खलनायक कधी जाळला जात नाही. 'मुन्नाभाई'तल्या डॉ. अस्थानांचं फक्त मन वळवलं जातं. बडग्यापेक्षा हा मवाळ मार्ग आहे, आणि तिकीटबारीवर तोच चालला.

वाचकाला कदाचित प्रश्न पडेल की चाळिशीला पोहोचल्यावर पहिला चित्रपट, हे इतकं दुर्मीळ आहे का? नाही. तैवानचे अँग ली न्यूयॉर्क विद्यापीठातून चित्रपट शिकून 1984 मध्ये बाहेर पडले आणि पुढची सहा वर्षं त्यांना काम नव्हतं. पत्नी संशोधक, तिच्या पगारावर घर. ते स्वयंपाक करायचे, मुलं सांभाळायचे आणि लिहायचे. 1990 मध्ये तैवान सरकारच्या पटकथास्पर्धेत त्यांच्या दोन पटकथांनी पहिलं आणि दुसरं बक्षीस मिळवलं, तेव्हा कुठे 'पुशिंग हँड्स' उभा राहिला. दुसऱ्या पटकथेवरचा 'द वेडिंग बँक्वेट' 1993 मध्ये बर्लिनचं सुवर्ण अस्वल घेऊन आला. लींचे वडील मुख्याध्यापक, मुलाने प्राध्यापक व्हावं हा त्यांचा आग्रह. सुरेश हिराणींशी तुलना करून पाहा.

माझ्या मते मात्र खरा ताळा पाहायचा तो तैवानच्याच हौ श्याओ-श्येनशी. 1947 चा जन्म, दुसऱ्याच वर्षी चीनमधलं घर सोडून कुटुंब तैवानला आलं. चित्रपटाचं शिक्षण झाल्यावर या माणसाने काही काळ कॅल्क्युलेटर विकले. मग 1973 पासून दुसऱ्यांच्या चित्रपटांत हरकामं, साहाय्यक, पटकथालेखक, आणि 1980 मध्ये पहिला चित्रपट, तोही गायक-गायिकांना घेऊन केलेली हलकीफुलकी प्रेमकथा. पुढच्या नऊ वर्षांत ते 'अ सिटी ऑफ सॅडनेस'पर्यंत आणि व्हेनिसच्या सुवर्णसिंहापर्यंत पोहोचले. त्यांच्या 1985 च्या 'अ टाइम टु लिव्ह, अ टाइम टु डाय'मध्ये बापाने घरात वेताचं स्वस्त फर्निचर घेतलेलं असतं, कारण लवकरच मायदेशी परतायचं आहे, तेव्हा टाकून जायला सोपं. बाप तिथेच मरतो. नागपुरात जरीपटक्याला, खामल्याला वसलेल्या सिंधी कुटुंबांच्या वाट्याला ही आशा फार काळ आली नाही. त्यांनी जड सामान घेतलं. टायपिंगची लोखंडी यंत्रं घेतली.

हौ आणि हिराणी, दोघंही विस्थापितांची मुलं, दोघंही दुसऱ्यांच्या चित्रपटांवर काम करून तयार झालेले. पण हौंचा कॅमेरा थांबून राहतो, दृश्य संपलं तरी ते कापत नाहीत. हिराणींच्या चित्रपटात एकही क्षण रिकामा सुटत नाही. पहिल्या अर्ध्या तासात जे ठेवलं ते शेवटच्या अर्ध्या तासात वाजतंच. आईने शिकवलेली मिठी इस्पितळभर फिरते. खुर्चीत निश्चल बसलेला, डॉक्टरांनी केवळ 'केस' म्हणून मांडलेला रुग्ण नेमक्या त्या क्षणी हलतो जेव्हा हलायला हवं. त्याचं नाव आनंद आहे, आणि हृषीकेश मुखर्जींचा 1971 चा 'आनंद' ज्याने पाहिला त्याला हे नाव उगाच आलेलं वाटणार नाही. मुखर्जीही मुळात संकलकच. बिमल रॉय यांच्या 'दो बिघा जमीन'चं संकलन त्यांनी केलं आणि 1957 मध्ये 'मुसाफिर'पासून दिग्दर्शक झाले. हिराणींना लोक त्यांच्या ओळीत बसवतात ते हसू-आसवांच्या मिश्रणामुळे. मला वाटतं नातं त्याहून कोरडं आहे, कारागिरीचं आहे. दोघंही लिहितानाच कापतात.

'मुन्नाभाई'च्या पटकथेवर हिराणींच्या सोबत विधु विनोद चोप्रा आणि लजन जोसेफ यांची नावं आहेत, संवाद अब्बास टायरवालांचे. संकलनात पुन्हा हिराणी होतेच, आणि पुढच्या चित्रपटांतही ती खुर्ची त्यांनी सोडली नाही. जो माणूस लिहितो तोच कापणार असेल तर कागदावरच काही वाक्यं लिहिली जात नाहीत, कारण टेबलावर ती उडणार हे त्याला माहीत असतं. यातून येणारी चपळाई आपण सगळ्यांनी अनुभवली आहे. तोटा असा की काहीही सैल, अनुत्तरित, आडवाटेचं शिल्लक राहत नाही. पात्रं कामापुरती येतात. 'मुन्नाभाई'ची नायिका डॉ. सुमन, तिच्या वाट्याला प्रेमात पडण्यापलीकडे फारसं काम नाही. रडायचं कुठे हे प्रेक्षकाच्या आधी संगीताला ठाऊक असतं. तीस सेकंदांत गाठ सोडवायची सवय अडीच तासांतही सुटत नाही. पुस्तकाचे लेखक हिराणींवर माया करतात, म्हणून हे त्यांनी अंगठ्याखाली दाबून ठेवलं आहे. मी इतवारीतला माणूस, भाव करताना मालाचा दोषही सांगतो.

तरीही एक गोष्ट मान्य करायला हवी. ज्या वर्षांना आपण वाया गेलेली समजतो त्यांत हिराणींनी एकही काम असं केलं नाही जे पुढे उपयोगी पडलं नाही, आणि ते करताना ते उपयोगी पडेल हे त्यांना माहीत असण्याची काही शक्यता नव्हती. 'मुन्नाभाई'च्या मुख्य भूमिकेत शाहरुख खान येणार होते, पाठीच्या दुखण्यामुळे ते बाहेर पडले, आणि पूर्वी दुसऱ्या भूमिकेसाठी ठरलेले संजय दत्त मुन्ना झाले. म्हणजे शेवटच्या टप्प्यावरही पाया हलत होता. हललेला पाया पाहून घाबरायचं नाही, दृश्यांचा क्रम बदलून पाहायचा, हे संकलकाला रोजच करावं लागतं.

वाचकांना एक सूचना. पुस्तकाचं पहिलं प्रकरण नागपूरचा इतिहास सांगतं आणि भोसल्यांपासून सुरू होतं; तरुण लेखकांना आपल्या शहराचा अभिमान असतो, त्याला इलाज नाही. ते सोडलं तरी चालेल. दुसरं, वडिलांवरचं, वाचाच. चौथं, प्रोमोंवरचं, दोनदा वाचा, आणि मधे '1942'चे जुने प्रोमो कुठे सापडले तर पाहून घ्या. 'मुन्नाभाई' पुन्हा पाहायची गरज नाही, तो तुम्हाला पाठ आहे.

इतवारी, नागपूर